लांबचं बाकडं

आन्सेल्मो तावारेस कोपऱ्यावर दिसला की कुणीतरी त्याच्यासाठी खुर्ची ओढायचं. न्हाव्याच्या दुकानात, डॉमिनोच्या टेबलाशी, एवढंच काय, मयताच्या घरीसुद्धा. "या, बसा बसा, उठायची तसदी घेऊ नका," असं गोड आवाजात म्हणायचं आणि मग तोंड फिरवून हसायचं, ही आमच्या सान तेल्मो गावची रीतच होऊन बसली होती. परगावच्या माणसाला वाटायचं, वा, काय मान आहे या गृहस्थाला! मान कसला डोंबलाचा. गावाने त्याचं नावच 'खुर्ची' पाडलं होतं, आणि ते त्याच्या तोंडावर घ्यायला शेंबड्या पोरांनाही भीड वाटत नव्हती.

तो मात्र बसायचा नाही. "असू दे, उभा बरा आहे," म्हणायचा, भिंतीला टेकायचा आणि कामापुरतं बोलून निघून जायचा. उंच, सडसडीत माणूस, डावा खांदा उजव्यापेक्षा किंचित खाली आलेला. चिडला असा कधी नाही. चिडायला आपल्या बाजूने काहीतरी असावं लागतं, आणि आपल्या बाजूने काहीच नाही हे त्याने फार आधी ठरवून टाकलं होतं.

आता गंमत अशी, की बसणं हाच त्याचा धंदा होता. बेसबॉलमध्ये जो पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, सामना सुरू करतो त्याचा फोटो पेपरात येतो. तो दमला, त्याच्या चेंडूंना मार बसायला लागला, बेसवर, म्हणजे धावांच्या ठाण्यांवर, समोरच्यांचे गडी भरले आणि प्रेक्षक आईवरून शिव्या द्यायला लागले, की मैदानाच्या पार टोकाला, कुंपणापलीकडच्या बाकड्यावरून दुसऱ्या एकाला हाक मारतात: ये बाबा, विझव. आम्ही त्याला बंबवालाच म्हणतो. आग दुसऱ्याने लावलेली, चटके याला. आन्सेल्मो असा बंबवाला होता. त्यातही डावखुरा, म्हणजे कित्येकदा समोरच्या एखाद्या डावऱ्या बॅटवाल्यापुरताच. सगळी संध्याकाळ बसायचं, पाच मिनिटं काम करायचं आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा येऊन बसायचं. कधी हात गरम करून तयार राहायचं आणि बोलावणंच यायचं नाही. तापवून तसाच ठेवलेला तवा, दुसरं काय. त्या बाकड्यावरून सामना दिसतो तोही मागून, आपल्याच गड्यांच्या पाठी बघत.

त्याच्या हाताला वेग फारसा नव्हता. उसाच्या वसाहतीत लहानपणी झाडूचा दांडा आणि बाटलीची झाकणं घेऊन खेळता खेळता त्याला एक हातोटी साधली होती. हात फिरायचा जोरात आणि चेंडू पोचायचा सावकाश. समोरचा गडी आधीच बॅट फिरवून मोकळा व्हायचा आणि मागून चेंडू आरामात यायचा. पण खरं भांडवल होतं त्याचं डोकं. तिन्ही बेस भरलेले, स्टेडियम नुसतं पेटलेलं, ढोल बडवताहेत, आणि हा आपला बाजारात चालल्यासारखा चालत येणार. "घराला आग लागली तरी हा आधी हातातल्या शेंगा संपवेल," असं लोक म्हणायचे, आणि तेव्हा ते कौतुकाने म्हणायचे. तेच वाक्य पुढे एक अक्षर न बदलता त्याच्या थोबाडावर मारलं गेलं.

किरिको हा त्याचा मेहुणा, बायकोचा, नेरेइदाचा, धाकटा भाऊ. त्याच संघात दुसऱ्या बेसवर खेळायचा. ठेंगणा, तोंडाळ, अंगात कायम वारं भरलेलं. आन्सेल्मोला संघाच्या प्रशिक्षकापुढे पहिल्यांदा त्यानेच उभं केलं होतं, आणि स्वतःच्या घरातही त्यानेच. बहिणीचं लग्न ठरलं तेव्हा तो म्हणाला होता, की मेहुण्या, बहीण घेऊन जा, पण रविवारी आईच्या हातचं जेवायला इथेच यायचं, आणि जेवणानंतर झोपायचं नाही, डॉमिनो खेळायचा. दोघांचं मेतकूट असं, की गावात एक दिसला की लोक दुसऱ्याची चौकशी करायचे.

त्या वर्षी हिवाळी मोसम ऐन रंगात होता, नाताळ तोंडावर. राजधानीच्या संघाशी सामना. दुपारी स्टेडियमच्या दारात आन्सेल्मोला चष्मेवाला एक सुकट माणूस भेटला. मेक्सिकोतल्या कुठल्याशा संघासाठी खेळाडू हेरत हिंडणारा. त्याने आन्सेल्मोचा डावा हात हातात घेतला तो सोडेचना. बाजारात रताळं बघावं तसा उलटासुलटा करून बघितला. म्हणाला, मोसम संपेपर्यंत हा असाच शाबूत राहिला, तर पुढची चार वर्षं तू आमचा. "हा जप," एवढं बोलून त्याने हात परत दिला. आन्सेल्मोने ही गोष्ट किरिकोलासुद्धा सांगितली नाही. सामना झाला की सांगू, रमची बाटली फोडू, असं त्याच्या मनात होतं.

आणि सातव्या डावात ते झालं. आमच्या पिचरचा चेंडू निसटला आणि राजधानीच्या एका धिप्पाड गड्याच्या बरगडीवर बसला. मुद्दाम मारला म्हणतात, निसटला म्हणतात, देव जाणे. त्या रेड्याने बॅट फेकली आणि तो सरळ पिचरवर धावून गेला. मग काय, दोन्हीकडची बाकडी रिकामी.

मैदानावर जुंपली की झाडून सगळ्यांनी धावायचं, हा आमच्याकडचा कायदा आहे. कुणी लिहिलेला नाही, पण देवाच्या दहा आज्ञांइतकाच पक्का. मारामारी यावीच लागते असं नाही. बहुतेकजण जाऊन एकमेकांचे शर्ट धरतात, "सोड मला, सोड" म्हणून ओरडतात आणि मनातून म्हणतात, सोडू नकोस रे बाबा. लांबच्या बाकड्यावरचे बंबवाले तर कुंपण ओलांडून अर्धं मैदान तुडवत पोचतात तोवर सगळं आटोपलेलं असतं. तरी जायचं. धापा टाकत उगाच जाऊन उभं राहायचं. जाण्याला किंमत आहे, पोचून काय केलंस ते कुणी विचारत नाही.

त्या दिवशी बाकड्यावरचे सगळे कुंपणावरून उड्या टाकून गेले. आन्सेल्मो बसून राहिला.

का बसला? पुढे त्याने स्वतःला हे इतक्यांदा विचारलं, की प्रश्न झिजून गुळगुळीत झाला. भ्यायला नव्हता. हिशेब केला असंही नाही, तेवढा वेळच कुठे होता? फक्त डावा हात उजव्या हाताने मनगटापाशी धरला, जसा त्या चष्मेवाल्याने धरला होता, आणि धरूनच ठेवला. उठू, आता उठू, असं वाटत होतं. मग वाटलं, आता फार उशीर झाला, आता एकटंच धावत गेलो तर कसं दिसेल? बस, एवढंच. समोर कुणाच्या तरी पाठींचा ढीग झालेला दिसत होता, आणि त्याच्या मांडीवर शेंगांची पुडी होती. टीव्हीवाल्याने नेमका तेव्हा कॅमेरा तिकडे फिरवला. रिकामं लांबलचक बाकडं आणि मधोमध एकटा आन्सेल्मो. त्याच वेळी त्याने एक शेंग फोडली. कशाला फोडली, सांगता येणार नाही. हाताला काहीतरी काम हवं होतं.

त्या ढिगाच्या तळाशी किरिको होता. आपल्या पिचरला वाचवायला तोच पहिला पोचला होता. कुणाचं तरी वजन त्याच्या वाकड्या झालेल्या गुडघ्यावर आलं आणि गुडघा गेला. कायमचा गेला. हाड सांधलं, पण बेसबॉल संपला, आणि त्यानंतर किरिको जन्मभर एक पाय ओढतच चालला.

आन्सेल्मो धावला असता तरी गुडघा वाचला नसता, हे सगळ्या गावाला कळत होतं. बंबवाले पोचले तेव्हा किरिको आधीच ओरडत होता. पण म्हणून कुणी त्याला माफ केलं नाही, आणि खरं सांगायचं तर त्यानेही ही पळवाट कधी घेतली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी नेरेइदाने केळ्यांचा लगदा आणि तळलेल्या सलामी सॉसेजच्या चकत्या त्याच्यापुढे ठेवल्या. ती रात्रभर इस्पितळात होती. डोळे सुजलेले. "माझा भाऊ तिकडे पडलाय," ती म्हणाली. "तू जेव." एवढंच. भांडली असती, ताट भिरकावलं असतं, तर बरं झालं असतं. त्याने तो घास गिळला तो आयुष्यभर घशात राहिला.

त्याच दुपारी फेर्मिन न्हाव्याने दुकानात पहिली खुर्ची ओढली. हा फेर्मिन म्हणजे वस्तऱ्यापेक्षा जीभ धारदार. तो म्हणाला, "बसा हो आन्सेल्मोराव, दमला असाल बसून बसून." दुकान खदखदलं, आणि नाव पडलं ते पडलंच.

मेक्सिकोवाल्याने शब्द पाळला. हात शाबूत होता ना! आन्सेल्मो उत्तरेकडच्या एका रखरखीत गावात गेला आणि तिथल्या बाकड्यावर जाऊन बसला. खेळला चांगला. भरल्या बेसवरून संघाला बाहेर काढायचा, लोक टाळ्या वाजवायचे, आणि प्रत्येक टाळीला त्याला मनात वाटायचं, ही त्या गुडघ्यावर उभी आहे. घरी पैसे पाठवायचा, नेरेइदा त्यातले भावाच्या हातात ठेवायला जायची, किरिको म्हणायचा, नको, मला दुकान काढायचंय, पण माझ्याच जोरावर. रागाने नाही म्हणायचा, नुसतं म्हणायचा.

तिथे दुसऱ्या वर्षी एक प्रकार झाला, तो इथे सांगायलाच हवा. आन्सेल्मोच्या संघाच्या पिचरचा चेंडू समोरच्या एका गड्याच्या मांडीला लागला. तो गडी बॅट टाकून पिचरकडे दोन पावलं चालला, आणि बाकड्यावरून आन्सेल्मो उडाला. कुंपण पार, गवत पार, ऊर फुटेस्तोवर धावला, मागून सोबती ओरडताहेत ते कानातच नाही. पोचून बघतो तर मैदानावर तो एकटाच. दुसरं कुणी जागचं हललं नव्हतं. तो गडी आणि पिचर मावसभाऊ होते, आणि तो फक्त विचारत होता, की काय रे, मावशीने शिकवलं का असं टाकायला? आन्सेल्मो मुठी आवळून मधोमध उभा. पंचाने विचारलं, "काय झालं, दादा? आग कुठे लागलीय?" सगळं स्टेडियम पोट धरून हसलं, बँडवाल्यांनी तर लग्नातली धून वाजवली, आणि त्याला तेवढं सगळं मैदान चालत परत जावं लागलं. ही बातमी इकडे पोचायला कितीसा वेळ! फेर्मिनने लगेच जाहीर केलं, की खुर्चीला पाय फुटले, पण परदेशात.

चार वर्षांनी खांदा बोलायला लागला. मग खालच्या दर्जाचा एक संघ, मग त्याहून खालचा, मग एके दिवशी कुणी बोलावलंच नाही. बंबवाल्याचं असंच असतं. त्याला निरोप समारंभ नसतो, एक दिवस हाक येत नाही एवढंच. तो गावी परतला, साखर कारखान्याच्या काट्यावर नोकरीला लागला, आणि आमच्या खुर्च्या पुन्हा हलायला लागल्या.

किरिकोने तोवर कोपऱ्यावर दुकान थाटलं होतं. तांदूळ, तेल, खारा मासा, थंड बिअर. बाहेर बदामाच्या झाडाखाली प्लास्टिकच्या खुर्च्या आणि डॉमिनोचं टेबल. गावातला हा एकच माणूस, ज्याने आन्सेल्मोला कधी 'खुर्ची' म्हटलं नाही. रविवारी सासूबाईंकडे दोघं शेजारी जेवायचे, पावसावर, कारखान्यावर, सरकारवर बोलायचे, बेसबॉलवरही बोलायचे. त्या एका संध्याकाळीबद्दल चकार शब्द नाही. पण त्याने आन्सेल्मोला आपल्या दुकानात कधी "बस" असंही म्हटलं नाही. टेबलाशी चौथा गडी कमी असला तरी नाही. हा मोठेपणा, की राग, हे आन्सेल्मोला वर्षानुवर्षं कळलं नाही. विचारायची छाती नव्हती. तो तेल घ्यायचा, उभ्या उभ्या दोन शब्द बोलायचा आणि निघायचा. लोकांच्या टोमण्यांनी त्याला जेवढं लागलं नसेल, तेवढं या न बोलण्याने लागलं. त्याला एकच हवं होतं, की आयुष्यात एकदा, एकदाच, किरिकोसाठी उठायची वेळ यावी. आणि अशी वेळ यावी असं मनात आणणं म्हणजे किरिकोचं वाईट चिंतणं, म्हणून त्याचीही त्याला लाज वाटायची.

दरवर्षी गावाच्या संताच्या, सान तेल्मोच्या, सणाला आमच्याकडे म्हाताऱ्यांचा सामना असतो. पन्नाशी उलटलेले, पोटं सुटलेले, समोर शेजारच्या कारखान्याच्या वसाहतीतले तसेच. कारखान्याच्या कुरणात मैदान आखायचं, बायका एका कडेला मोठ्या पातेल्यांत मटणाचा नि कंदांचा दाट रस्सा उकळणार, हरला तो रम पाजणार. किरिको खेळत नसे, पण तिसऱ्या बेसजवळ उभा राहून धावणाऱ्यांना हातवारे करून सांगायचा, थांब, पळ. आन्सेल्मो अर्थातच लांबच्या बाकड्यावर, उजवीकडे चिंचेखाली.

त्या वर्षी फेर्मिनच्या डोक्यात किडा वळवळला. त्याने वसाहतीतल्या मातियास खाटकाशी संधान बांधलं. खोटं खोटं भांडण लावायचं. मातियासने किरिकोला ढकलायचं, सगळ्यांनी आरडाओरडा करत धावायचं, आणि बघायचं, खुर्ची उठते का. बाकड्यावरच्या बाकीच्यांनी मुद्दाम बसून राहायचं. पैजा लागल्या. किरिकोला विचारलं तेव्हा सगळ्यांना वाटलं होतं, हा फेर्मिनच्या कानाखाली आवाज काढेल. तो काउंटरवरचं फडकं घडी करत राहिला, आणि मग म्हणाला, "चालेल." सगळ्या गावाला ठाऊक होतं, साधुसंत म्हणवणाऱ्यांनासुद्धा. ठाऊक नव्हतं फक्त आन्सेल्मोला आणि नेरेइदाला. असं आमचं गाव.

दुपार कलली होती. आमचा गडी तिसऱ्या बेसवर बाद झाला आणि मातियास उगाचच किरिकोच्या अंगावर गेला. काय बोलला ते लांबून ऐकू येणार नव्हतं. आन्सेल्मोला एवढंच दिसलं, की त्या खाटकाने दोन्ही हातांनी ढकललं आणि किरिको कोसळला. नुसतं डगमगायचं असं ठरलं होतं, पण आखडलेल्या पायाने दगा दिला आणि तो खरोखरच पडला, पाय अंगाखाली वाकडा घेऊन. चारी बाजूंनी माणसं धावली आणि पाठींचा ढीग झाला. तोच ढीग.

शेजारी बसलेले आन्सेल्मोकडे टक लावून बघत होते. त्याने त्यांच्याकडे पाहिलंही नाही. तो कधी उठला ते त्याचं त्यालाच समजलं नाही. बाकड्यापुढच्या चरावरून त्याने उडी मारली, पलीकडे पाय टेकला आणि पोटरीत काहीतरी तट्कन तुटलं. तरी धावला. धावला कसला, एका पायावर उड्या मारत, पडत, हाताने गवत धरून उठत, पुन्हा पडत. "उठली रे उठली!" कडेला कुणीतरी ओरडलं आणि पोरांनी शिट्ट्या मारल्या. त्याला वाटलं असेल, भांडणाच्या शिट्ट्या आहेत.

माणसांना हाताने बाजूला सारत तो आत घुसला. मारायचं कसं हे त्याला ठाऊकच नव्हतं, आयुष्यात त्याने कुणावर हात उचलला नव्हता. तो किरिकोच्या वर ओणवा झाला, दोन्ही हात पसरले, ज्या डाव्या हाताला एवढं जपलं तोही, आणि वर मान करून मातियासला म्हणाला, "मला मार. त्याचा पाय अधू आहे. मला मार."

फेर्मिन हसला. तो एकटाच हसला. बाकीच्यांच्या तोंडावरचं हसू येता येताच विरून गेलं. आन्सेल्मोने सगळ्यांकडे बघितलं. कुणाला धाप लागली नव्हती, कुणाचा शर्ट फाटला नव्हता, मातियास खाली मान घालून बुटाने माती उकरत होता. मेक्सिकोतलं ते मैदान त्याला आठवलं असणार, कारण त्याचा चेहरा तसाच झाला, भर मैदानात एकटा सापडल्यासारखा. पसरलेले हात हळूहळू खाली आले. तो किरिकोच्या शेजारी मातीतच बसला. त्याला उभं राहताच येत नव्हतं.

नेरेइदा हातात पळी घेऊनच धावत आली होती. तिला समजायला वेळ लागला नाही. तिने भावाकडे बघितलं. "तुलाही ठाऊक होतं?"

किरिको मेहुण्याच्या पोटरीकडे बघत होता. कातडीखाली काळंनिळं पसरायला लागलं होतं. "मीच हो म्हटलं," तो शेवटी म्हणाला. "मला बघायचं होतं, तू येतोस का. इतकी वर्षं बघायचं होतं, मेहुण्या. लाज वाटते सांगायला."

आन्सेल्मोने तोंडावरची माती पुसली. रागावला नाही. "लांबून यायचं होतं," तो म्हणाला. "आमचं बाकडं लांब असतं ना. वेळ लागला."

रस्सा तिकडे पातेल्याला लागून करपला, तो वास आला तरी कुणी जाईना. नेरेइदाने पळी खाली टाकली, नवऱ्याच्या एका काखेत हात घातला, आणि दुसऱ्या काखेत किरिकोने घातला. लंगडा लंगड्याला घेऊन निघाला. आम्ही वाट करून दिली. त्या दिवशी रम कुणी प्यायली नाही, आणि पैजा जिंकलेल्यांनी जिंकलो असं म्हटलं नाही. फेर्मिनने दुसऱ्या दिवशी दुकान उघडलंच नाही, तब्येत बरी नाही म्हणाला. बरी कशी असेल?

आठवडाभराने आन्सेल्मो काठी टेकत तेल घ्यायला किरिकोच्या दुकानात आला. बदामाखाली आम्ही डॉमिनो खेळत होतो, फेर्मिनही होता. एरवी त्याची सावली दिसली तरी कुणीतरी खुर्ची ओढायचं. आता त्याला खुर्ची खरोखरच हवी होती. पोटरी बांधलेली, कपाळावर घाम. आणि आमच्यातल्या एकालाही "बस" म्हणता येईना. तो शब्द आम्हीच इतकी वर्षं नासवून ठेवला होता, आता चांगल्या मनाने म्हटला तरी त्याला कसा ऐकू जाणार? दोन खुर्च्या रिकाम्या होत्या. आम्ही हातातल्या सोंगट्यांकडे बघत राहिलो, आणि तो दुखऱ्या पायावर उभा.

किरिको काउंटरमागून बाहेर आला. पाय ओढत, दारातल्या तेलाच्या डब्यांना वळसा घालून. त्याने एक खुर्ची उचलली, बसायच्या जागेवरून फडकं फिरवलं आणि ती आन्सेल्मोच्या मागे टेकवली.

"बस रे," तो म्हणाला.

आन्सेल्मो बसला. काठी मांडीवर आडवी घेतली, तोंड झाडाकडे फिरवलं आणि रडला. किरिको शेजारी उभा राहिला, खांद्यावर हात ठेवून. आम्ही डॉमिनो खेळत असल्याचं सोंग केलं, पण चाल कुणाची आहे हे आमच्यातल्या कुणालाच सांगता आलं नसतं.